दौत भरलेली होती

“...पण एवढं लिहायला तुमची हरकत काय आहे, बुवा?”

दोन भिजलेले कागद एकमेकांना घट्ट चिकटून बसले होते आणि त्यांची काडीमोड करण्यात बुवा गुंतले होते.

“चार ओळी,” केरोपंत म्हणाले. “फार तर तीन.”

“तीन कशाला? एकच सांग. काय लिहू?”

“की केरोपंत नावाचा माणूस होता आणि तो असा असा होता.”

“असा असा म्हणजे कसा?”

दप्तराच्या खिडकीत बसून एकतीस वर्षं केरोपंतांनी लोकांना हाच प्रश्न विचारला होता. लोक अडखळले की ते बोरूच्या टोकानं फळीवर टकटक करत. आज टकटक करायला बोरू नव्हता.

हे बासनगडच्या राज्यातलं.

बासनगडात नोंदीवाचून पान हलत नसे आणि हललंच तर त्याची नोंद होई. पाऊस आला तरी तो दप्तरात चढेपर्यंत लोक छत्री उघडत नसत. डोंगरातल्या प्रतिध्वनींची वेगळी वही होती; त्यात ‘मूळ आवाज कोणाचा’ हा रकाना बहुधा रिकामा राही. राजा वारून अकरा वर्षं झाली होती. नव्या राजाच्या अर्जात तारीख चुकली होती, म्हणून तो अर्ज अजून या मेजावरून त्या मेजावर फिरत होता. राज्य उत्तम चाललं होतं.

माणूस जन्मला की त्याच्या नावाचा रुमाल फळीवर येई. रुमाल म्हणजे लाल फडक्यात बांधलेले कागद, वर नावाची चिठ्ठी. त्या माणसाबद्दल ज्याला जे सांगावंसं वाटेल ते त्यानं खिडकीवर येऊन सांगायचं, कारकुनानं लिहायचं आणि रुमालात ठेवायचं. स्वतःबद्दल मात्र कोणी काही लिहायचं नाही. हा नियम कोणा शहाण्यानं केला असावा. नाहीतर फळ्या केव्हाच मोडल्या असत्या.

माणूस मेला, किंवा दप्तरातला नोकर निवृत्त झाला, की त्याचा रुमाल सोडून पाहत. जन्माचा सोडून दुसऱ्या कोणी सांगितलेला निदान एक कागद निघाला तर रुमाल नावानिशी फळीवर राही. नाही निघाला तर चिठ्ठी काढून तो संकीर्णात जाई.

संकीर्ण ही दप्तराच्या मागची खोली. तिला खिडकी नव्हती. वर्षभराचे असे रुमाल बाहेर ओसरीवर रचून ठेवत, आणि फाल्गुनाच्या अमावास्येला, सूर्य बुडता बुडता, आत सारून दाराला लाख लावत. तोवर कोणी कागद आणून दिला तर रुमाल परत फळीवर जाई; आत गेलेला रुमाल बाहेर येत नसे.

आज फाल्गुनाची अमावास्या होती. आणि आजच सकाळी केरोपंत निवृत्त झाले होते.

त्यांच्या जागी आलेल्या महिपतीनं शिरस्त्याप्रमाणे त्यांचा रुमाल सोडला. आत एक कागद होता, जन्माचा. महिपतीनं तो उलटून पाहिला. मागची बाजू कोरी होती.

“संकीर्ण,” महिपती म्हणाला.

महिपतीला केरोपंतांनीच तयार केलं होतं. पोरगा इतका चांगला शिकला होता की आवाजसुद्धा त्यांच्याच पट्टीत लावत होता.

तेव्हा केरोपंत पागोटं सावरून टेकडी चढले. दुसरं कोणाकडे जावं हे त्यांना सुचेना. बऱ्याच वेळानं त्यांच्या लक्षात आलं, की सुचायला दुसरं कोणी नव्हतंच.

टेकडीवर बुवांची झोपडी होती. दप्तरातले भिजलेले, कुजलेले, कसर लागलेले कागद त्यांच्याकडे येत. खिडकीवर नाकारलेले अर्जही येत, कारण ते ठेवायचे कुठं हे कोणत्याच नियमात नव्हतं. बुवा ते सोडवत, वाळवत, जोडत. त्यांची नोकरी कधीच संपली होती, पण हे कागदांना कोणी कळवलं नव्हतं. लोक त्यांना वाळवीबुवा म्हणत. यात अपमान कोणाचा होता, बुवांचा की वाळवीचा, हे ठरलेलं नव्हतं.

दप्तरात लागलेला प्रत्येक कारकून पहिले चाळीस दिवस बुवांच्या हाताखाली काढी.

“चाळीस दिवस तुमचा शिष्य होतो मी,” केरोपंत म्हणाले.

“होतास.”

“मग त्यातलं काही लिहा.”

“एकोणिसाव्या दिवशी तुला शिंक आली. वाळत घातलेले सतरा कागद उडाले. ते लिहू?”

“...ते नको.”

“त्यानंतर एकतीस वर्षं दर महिन्याला आलास. भारा पायरीवर टाकलास आणि म्हणालास, ‘पोच द्या.’ आत आला नाहीस. पाणी प्यायला नाहीस. ते लिहू?”

“कामावर असताना पाणी पीत नाही मी.”

“हेही लिहिता येईल.”

केरोपंत प्रथमच झोपडीत बसले होते. बसायला कागदांच्या गठ्ठ्यांशिवाय काही नव्हतं आणि गठ्ठ्यावर बसणं नियमात बसत नव्हतं, म्हणून ते टाचांवर बसले होते. गुडघे कुरकुरत होते.

“मी सांगतो तसं लिहा,” ते शेवटी म्हणाले. “हा माणूस एक दिवसही उशिरा आला नाही. यानं कोणाचं काम दुसऱ्याच्या आधी केलं नाही. याच्या तोंडून आणि हातून एक अक्षर खोटं गेलं नाही.”

बुवांनी हात पुसले. दौत पुढं ओढली आणि खरोखरच लिहिलं. अक्षर झोकदार होतं. मग कागद लांब धरून त्यांनी मोठ्यानं वाचला.

“छान झालंय,” बुवा म्हणाले. “तुझ्या खिडकीच्या गजांनाही हे जसंच्या तसं लागू पडतं. तेही कधी उशिरा आले नाहीत.”

केरोपंतांचा चेहरा लाल झाला.

“थट्टा करता? करा. तुम्हाला काय! बुवा, माझ्या घरी कोणी नाही. सकाळी कुलूप लावतो, संध्याकाळी काढतो. बायको तरुणपणीच गेली. मूल नाही. एक भाऊ होता, तो राज्याबाहेर गेला. तिकडची पत्रं इकडे ग्राह्य नसतात. फळीवर ती बोटभर चिठ्ठी आहे, तेवढाच मी आहे. संध्याकाळी तीही काढतील. मग मी कुठं?”

बुवांनी तो लिहिलेला कागद बाजूला ठेवला.

...

बाहेर दोरीवर कागद हलत होते. ऊन कलायला लागलं होतं.

“तुझ्याबद्दल सांगायला,” बुवांनी विचारलं, “एकतीस वर्षांत कोणीच आलं नाही?”

“आलं होतं.” केरोपंत जरा ताठ झाले. “एक बाई. तीनदा.”

“मग?”

“मग काय? खिडकीत मी. कागद माझ्याबद्दल. स्वतःची नोंद स्वतःच्या हातानं चालत नाही. परत पाठवली.”

“दुसऱ्या कारकुनाकडे?”

“त्या खिडकीला दुसरा कारकून नव्हता. पहिल्यांदा तिला म्हटलं, दुसऱ्या कारकुनाच्या दिवशी या. दुसऱ्यांदा म्हटलं, दुसरा नेमला की या. तिसऱ्यांदा तिनं कोणाकडून तरी लिहूनच आणलं. मी वरचं नाव पाहिलं आणि नामंजूर असा शेरा मारला.”

“वाचलंस काय होतं ते?”

“नामंजूर कागद वाचायचा नसतो, बुवा. वेळ जातो.”

हे केरोपंत अभिमानानं म्हणाले. मोह तीनदा दारात आला आणि तीनदा त्यांनी त्याला योग्य कारण देऊन परत पाठवलं, हे त्यांच्या आयुष्यातलं सर्वांत मोठं शौर्य होतं. आजवर ते कोणाला सांगायची संधी मिळाली नव्हती.

बुवा भिंतीचा आधार घेत उठले. उठायला त्यांना बराच वेळ लागला. कोपऱ्यातला एक गठ्ठा त्यांनी खाली उतरवला, मग त्याखालचा, मग त्याखालचा. त्यातून एक हातभर कागद काढून केरोपंतांपुढं धरला.

वर केरोपंतांचाच शेरा होता. नामंजूर. खाली त्यांची सही. शाई अजून काळीभोर होती. शाईच्या बाबतीत त्यांनी कधी हयगय केली नव्हती.

“आता निवृत्त आहेस,” बुवा म्हणाले. “वाचायला वेळ आहे.”

केरोपंतांनी वाचलं.

‘खिडकीवरचे कारकून केरोपंत यांच्या रुमालात ठेवण्यासाठी. माझी मुलगी गेली ते सांगायला मी खिडकीवर गेले. मला तिचं नाव घेता येईना. मागं एकोणीस माणसं होती, ती ओरडायला लागली. तेव्हा कारकून त्यांना म्हणाले, शाई संपली आहे, सगळ्यांनी जेवून या. आणि खिडकीची फळी खाली ओढली. मला जा म्हणाले नाहीत. मी फळीच्या बाहेर बसून रडले. ते आत बसून होते. पुष्कळ वेळानं फळी वर झाली आणि त्यांनी नाव विचारलं. दौत भरलेली होती. मी पाहिली. कोंडाबाई, रंगारी आळी.’

केरोपंतांनी कागद मांडीवर ठेवला. पुन्हा उचलला.

“दौत भरलेली होती?” बुवांनी विचारलं.

...

“बुवा, ही फार जुनी गोष्ट...”

“भरलेली होती?”

“...होती. सकाळीच भरली होती.”

त्यांना फळीच्या आतला अंधार आठवला. बाहेर ती रडत होती आणि आत ते एक चांगला तासलेला बोरू पुन्हा तासत होते. तासता तासता तो बोटभर उरला. तिच्याशी काय बोलावं हे त्यांना कळत नव्हतं. कळलं असतं तर ते बोललेच असते असंही नाही. त्या दिवशी खिडकी किती वेळ बंद होती, हे त्यांनी रोजकामाच्या वहीत लिहिलं नव्हतं. पुढं बरेच दिवस ती न लिहिलेली ओळ त्यांना टोचत राहिली, आणि मग टोचेनाशी झाली.

एकाएकी ते दचकले.

“पण हे तर खोटं बोलणं झालं! माझ्या रुमालात एकच कागद, आणि त्यात काय, तर मी खोटं बोललो?”

“मग नको नेऊस.”

केरोपंतांनी घाईघाईनं कागदाची घडी घातली आणि बाराबंदीच्या आत खुपसली.

“नेतो,” ते म्हणाले.

बुवांना हसू आलं असावं. ते दाढीत राहिलं.

केरोपंत उठले. कागद दुसऱ्याचा होता, दुसऱ्यानं सांगितलेला होता आणि खिडकीत आता ते नव्हते. महिपतीला हरकत घ्यायला जागाच नव्हती. सूर्य अजून दोन हात वर होता. खाली उतरायला तीनशे पायऱ्या. वेळ पुरत होता. ते दारापर्यंत गेले.

दारात थांबले.

घडी बाहेर काढून त्यांनी शेवटची ओळ पुन्हा पाहिली.

“काय झालं?” बुवांनी विचारलं.

“कोंडाबाई. रंगारी आळी.” केरोपंतांचा आवाज खिडकीतल्यासारखा सपाट होता. “पौषात वारली. रुमाल मीच सोडून पाहिला होता. आत जन्माचा कागद सोडून दोन कागद. मुलीचा जन्म आणि मुलीचा मृत्यू. तिच्या स्वतःबद्दल कोणी काही सांगितलेलं नव्हतं. मीच चिठ्ठी काढली. मीच बांधला.”

“कुठं आहे रुमाल?”

“ओसरीवर. तिसऱ्या रांगेत. आज आत जाईल.”

“नाव ओळखलं नव्हतंस?”

“वाचलं होतं, ओळखायला थांबलो नाही. चिठ्ठी काढताना क्रमांक पाहायचा असतो.”

बुवा पुन्हा आपल्या जागी बसले आणि त्यांनी पुढचा ओला कागद हातात घेतला.

“मग तिच्याबद्दल तू सांग,” ते म्हणाले.

“मी? मी काय सांगणार? मला तिची काय माहिती? तोंडसुद्धा आठवत नाही.”

बुवा कागदाची कड नखानं सोडवत राहिले.

...

“तीनदा आली होती, एवढंच,” केरोपंत हळूच म्हणाले.

“हं.”

“कोणाबद्दल तरी चार बरे शब्द सांगायला तीनदा आली. अशी माणसं कमी येतात खिडकीवर. बहुतेक तक्रारीच असतात.”

“मग लिही. दोन्ही कागद घेऊन जा.”

“नाही जमणार. एका माणसाकडून एका दिवशी एकच कागद.”

“हा असला नियम केला कोणी?”

“...मी. गर्दी फार व्हायची.”

“महिपतीला सांग. ऐकेल.”

“मी शिकवलाय त्याला,” केरोपंत म्हणाले. त्यात सगळं आलं.

“रस्त्यात कोणाच्या हाती दे.”

“आज अमावास्या, बुवा. आज ज्याचा त्याचा हात गुंतलेला असतो. रांगेतल्या प्रत्येकाजवळ आपापल्या माणसाचा कागद असतो. माझ्यासाठी कोण आपला मागं ठेवील? तुम्ही येता का?”

“गुडघे नऊ वर्षांपूर्वीच राहिले. पायऱ्या तीनशे. उद्या दुपारपर्यंत पोचेन.”

केरोपंत दारातच उभे राहिले. त्यांनी हिशेबी माणसासारखा विचार केला. कोंडाबाई मेली होती; तिला फळी काय आणि संकीर्ण काय. ते स्वतः जिवंत होते. तिचा कागद त्यांच्याबद्दल होता, म्हणजे तो खिडकीत जाणं ही तिचीच इच्छा होती. तीनदा सांगितलेली इच्छा. मेलेल्या माणसाची इच्छा पुरी करणं हे कर्तव्यच होतं. विचार बिनचूक होता. त्याला कुठंही लाल शाई लावता येत नव्हती.

तो त्यांनी दोनदा तपासला.

मग ते आत आले आणि एका गठ्ठ्यावर सरळ बसले.

“कोरा कागद आहे?”

बुवांनी दोरीवरचा एक वाळलेला काढून दिला. केरोपंतांनी बोरू उचलला, दौतीत बुडवला, आणि बुडवूनच ठेवला. आयुष्यात त्यांनी लाखभर कागद लिहिले असतील. सगळे कोणीतरी सांगितलेले. आता कोणी सांगत नव्हतं.

बराच वेळ गेला. उन्हाचा पट्टा भिंतीवर चढला.

शेवटी त्यांनी लिहिलं आणि वाचून दाखवलं. दप्तरात तशी पद्धत होती.

“कोंडाबाई, रंगारी आळी, यांच्या रुमालात ठेवण्यासाठी. ही बाई एका माणसाचे उपकार आठवून ते सांगायला तीनदा पायपीट करत आली. तिला तीनदा परत पाठवलं. तरी ती भांडली नाही. तिसऱ्यांदा जाताना कागद फळीवर नीट सरळ ठेवून गेली. परत पाठवणारा मी. केरोपंत, माजी कारकून.”

“हे सरळ ठेवल्याचं आत्ता आठवलं?”

“लिहिताना आठवलं.”

“यात तुझं नाव येतंय. स्वतःबद्दल लिहायचं नाही ना?”

“हे तिच्याबद्दल आहे,” केरोपंत म्हणाले.

त्यांनी शाईवर वाळू टाकली, झटकली, घडी घातली. मग बाराबंदीतून जुना कागद काढला. त्याची घडी उलगडून ती हातानं सपाट केली. एकदा वाटलं, वाचावा. वाचला नाही. बुवांच्या पुढ्यात ठेवला.

“हा वाळवायला नको. नुसता ठेवा.”

बुवांनी त्यावर एक गोटा ठेवला.

“पाणी पितोस?”

केरोपंत क्षणभर घुटमळले. मग तांब्या उचलून उभ्याउभ्याच घटाघटा प्यायले. ओठ पुसले. सूर्य हातभर उरला होता.

“पोच द्या,” असं म्हणायला तोंड उघडलं होतं, ते त्यांनी मिटलं.

ते बाहेर पडले. पाच-सहा पायऱ्या उतरले असतील. खाली दप्तराची रांग दिसत होती, मुंग्यांसारखी, प्रत्येकाच्या हातात पांढरा ठिपका. मागच्या ओसरीवर कोणीतरी रुमाल मोजत होतं. आकडे वरपर्यंत ऐकू येत होते. मोजणारा चुकला आणि त्यानं पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली.

केरोपंत थांबले. मागं न वळता म्हणाले,

“बुवा...”

“हं.”

“आणि मी?”

...

झोपडीतून कागद सुटल्याचा बारीक आवाज आला.

“बावीस वर्षं झाली मला संकीर्णात,” बुवा म्हणाले. “शेजार चांगला आहे.”